अपुऱ्या दिवसांचें बाळ आणि फुप्फुसांतील रक्ताचा दाब



‘सातव्याचें जगतें, आठव्याचें जगत नाहीं’ ही समजूत आपणांपैकीं बहुतेकांच्या कानांवरून गेली असेल. आमच्या शिर्डी-राहात्याच्या बाजूस ती अद्यापि मोठ्या विश्वासानें सांगितली जाते. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला एक निवृत्त शिक्षक आहें. खेड्यांतील शाळांतून तीस-बत्तीस वर्षें मुलांना गणित शिकविलें; परंतु सातांपेक्षां आठ अधिक, हा पहिलीतला हिशेब ह्या समजुतीपुढें मांडण्याचें मला कधीं सुचलें नाहीं. चार वर्षांपूर्वीं माझी नात अठ्ठाविसाव्या आठवड्यांत जन्मास आली. वजन ९८० ग्रॅम. वाण्याकडची एक किलो साखरेची पुडी तिच्याहून जड. त्या वेळीं घरांतील वडीलधाऱ्या बायकांनीं हीच समजूत सांगून आम्हांस धीर दिला, आणि आम्हीं तो मुकाट्यानें घेतला.

गर्भावस्थेंतील प्रत्येक आठवडा फुप्फुसांच्या घडणीस लागतो. म्हणून आठव्या महिन्यांतील बाळ सातव्यांतील बाळापेक्षां अधिक सुरक्षित असतें. एवढें म्हटलें कीं त्या समजुतीचें काम संपलें. मला बोलावयाचें आहे तें ‘जगतें’ ह्या शब्दाविषयीं. काचेच्या पेटींतून बाळ बाहेर आलें, दूध ओढूं लागलें, घरीं आलें, कीं तें जगलें असें आपण समजतों. परंतु अशा बाळांपैकीं कांहींच्या फुप्फुसांतील रक्तवाहिन्यांत दाब चढलेला असतो. तो बाहेरून दिसत नाहीं. बाळाचें सर्व कौतुक चालू असतां तो आंतल्या आंत वाढतो, आणि कित्येक आठवड्यांनीं, घरीं, आपलें रूप दाखवितो. आमच्या घरीं तो कसा दिसला हें मी पुढें सांगणार आहें. आधीं तो दाब म्हणजे काय हें पाहूं.

हृदय हें एकमेकांस चिकटलेल्या दोन पंपांसारखें आहे. डावा पंप सर्व शरीरास रक्त पुरवितो, उजवा केवळ फुप्फुसांस. दंडाला पट्टी बांधून डॉक्टर जो रक्तदाब पाहतात तो डाव्या पंपाचा. निरोगी माणसांत तो १२०-८० च्या घरांत असतो हें आतां पानाच्या ठेल्यावर देखील कोणी सांगेल. उजव्या पंपास मात्र इतका जोर लावावा लागत नाहीं, कारण फुप्फुसांतील रक्तवाहिन्यांचें जाळें अत्यंत विस्तीर्ण व सैल असतें. तेथील सरासरी दाब पाऱ्याच्या १४ मिलिमीटरांच्या आसपास असतो. मोठ्या माणसांत आणि तीन महिन्यांवरील बालकांत तो २० च्या वर गेला कीं त्यास रोग म्हणतात. काम हलकें असल्यामुळें उजव्या पंपाची भिंतही पातळ असते. दंडाच्या पट्टीला ह्या दुसऱ्या दाबाचा पत्ता लागत नाहीं. शरीराचा रक्तदाब अगदीं ठीक, आणि फुप्फुसांचा दुप्पट-तिप्पट, असें खुशाल असूं शकतें.

गर्भाशयांत तर हा दाब चढलेलाच असतो, आणि तेथें तो असावयासच हवा. बाळ तेथें हवेचा श्वास घेत नाहीं. प्राणवायु त्याला वारेंतून, नाळेच्या मार्गें मिळतो. फुप्फुसें द्रवानें भरलेलीं असतात व त्यांतील रक्तवाहिन्या आवळलेल्या. तेथें रक्त पाठवून उपयोग नसल्यामुळें निसर्गानें दोन आडवाटा ठेविल्या आहेत. एक, हृदयाच्या वरच्या दोन कप्प्यांमधील झडपेसारखें छिद्र. दुसरी, फुप्फुसांकडे जाणारी मोठी वाहिनी व शरीराची महारोहिणी यांस जोडणारी आंखूड नळी. ह्या वाटांनीं बहुतेक रक्त फुप्फुसें टाळून जातें. त्यांच्या वांट्यास एकूण रक्ताचा दहावा ते पांचवा हिस्सा येतो. बाळ जन्मतें, रडतें, फुप्फुसांत हवा शिरते, आणि आवळलेल्या वाहिन्या सैल पडतात. पहिल्या दिवसांतच दाब पुष्कळ उतरतो आणि पुढील कांहीं आठवड्यांत मोठ्या माणसाइतका खालीं येतो. आडवाटा आपोआप मिटत जातात. जन्मतःच्या पहिल्या रडण्यांत एवढी उलाढाल असते.

हवा शिरली कीं वाहिनी सैल कां पडते? गोदावरीच्या उजव्या कालव्यावर ज्यांचीं शेतें आहेत त्यांना हें लगेच उमजेल. रात्रीं दारें धरणारा गडी ज्या वाफ्यांत पाणी घालून उपयोग नाहीं त्याचें दारें बुजवितो व पाणी पुढच्या वाफ्याकडे वळवितो. फुप्फुसांतील रक्तवाहिनी हेंच करते. शरीरांत इतरत्र प्राणवायु कमी पडला तर वाहिन्या रुंदावतात, कारण तेथें रक्त अधिक पोंचावयास हवें. फुप्फुसांत त्याच्या उलट: ज्या कोपऱ्यांत हवा नाहीं तेथली वाहिनी आवळते आणि रक्ताला हवेशीर कोपऱ्याकडे पाठविते. स्वीडनमधील फॉन ऑयलर व लिल्येस्ट्रांड ह्या दोघां शास्त्रज्ञांनीं १९४६ सालीं मांजरांवरील प्रयोगांत ही गोष्ट स्पष्ट करून दाखविली. एखाद्या कोपऱ्यापुरती ही व्यवस्था फार शहाणपणाची आहे. परंतु सगळ्याच फुप्फुसांस प्राणवायु अपुरा पडूं लागला, तर गडी सगळींच दारें बुजवीत सुटतो. पाटांत पाणी तुंबतें आणि मागला बांध फुटूं पाहतो. तो बांध म्हणजे उजव्या पंपाची ती पातळ भिंत.

ह्यावर गणिताच्या मास्तरानें एक आंकडा सांगितलाच पाहिजे. नळीची त्रिज्या निम्मी झाली तर तिच्यांतून वाहणाऱ्या द्रवास होणारा अडथळा दुप्पट होत नाहीं, चौपटही होत नाहीं, तो सोळापट होतो. प्वाझेय नांवाच्या फ्रेंच वैद्यानें १८४० च्या सुमारास बारीक काचनळ्यांवर प्रयोग करून हा नियम काढला. म्हणजे वाहिनी डोळ्यांस दिसणार नाहीं इतकी जरी आंवळली तरी दाब झपाट्यानें चढतो; आणि उलट पक्षीं, ती किंचित सैल करतां आली तरी पुष्कळ उतरतो. उपचारांची सगळी आशा ह्या दुसऱ्या अर्ध्या वाक्यावर उभी आहे.

आतां अपुऱ्या दिवसांच्या बाळाकडे येऊं. पूर्ण दिवस ४० आठवड्यांचे. ३७ च्या आधीं जन्मलें तें अपुऱ्या दिवसांचें, आणि २८ च्या आधींचें तर फारच अपुरें. जगांत २०२० सालीं सुमारें १ कोटी ३४ लाख बाळें अशीं अवेळीं जन्मलीं. त्यांपैकीं ३० लाख आपल्या भारतांत. मोठ्या माणसाच्या फुप्फुसांत हवेच्या इवल्याशा पिशव्या ३० कोटींहून अधिक असतात. अठ्ठाविसाव्या आठवड्यांतील बाळाजवळ खऱ्या अर्थानें अशी पिशवी जवळजवळ नसतेच. असतात त्या ओबडधोबड पोकळ्या, आणि त्यांच्या भोंवतीं रक्तवाहिन्यांचें अर्धवट विणलेलें जाळें. शिवाय ह्या पोकळ्यांच्या आंतून सर्फॅक्टंट नांवाच्या एका स्निग्ध द्रव्याचा लेप असावा लागतो. तो नसेल तर प्रत्येक उच्छ्वासाबरोबर पोकळी मिटून तिच्या भिंती एकमेकींस चिकटतात. हा लेप पुरेसा तयार होण्यास चौतीस-पस्तीस आठवडे लागतात. १९५९ सालीं मेरी एलन एव्हरी व जेरी मीड ह्या अमेरिकन डॉक्टरांनीं दाखवून दिलें कीं, श्वासाच्या त्रासानें दगावणाऱ्या अपुऱ्या बाळांच्या फुप्फुसांत हेंच द्रव्य कमी असतें.

हें कळल्यानंतरही उपाय हातीं नव्हता. ७ ऑगस्ट १९६३ रोजीं अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांस मुलगा झाला, साडेपांच आठवडे आधीं. वजन दोन किलोंहून अधिक. आज एखाद्या जिल्ह्याच्या रुग्णालयांतही असें बाळ सहसा वांचतें. जगांतील सर्वांत बलाढ्य राष्ट्राच्या अध्यक्षाचें तें मूल ३९ तासांत गेलें. त्यानंतर श्वास देणारीं यंत्रें आलीं, बाळें जगूं लागलीं. आणि १९६७ सालीं नॉर्थवे नांवाच्या डॉक्टरांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं लिहिलें कीं, यंत्रावर वांचलेल्या बाळांपैकीं कित्येकांच्या फुप्फुसांस एक नवाच जुनाट विकार जडतो. त्याला त्यांनीं ब्राँकोपल्मनरी डिस्प्लेझिया असें लांबलचक नांव दिलें. यंत्राचा दाब आणि जास्त प्राणवायु यांनीं नाजुक फुप्फुस दुखावतें, व तें भरून येतांना वेडेंवांकडें भरून येतें. १९८० सालीं जपानमध्यें फुजिवारा यांनीं गाईगुरांच्या फुप्फुसांतून काढलेलें सर्फॅक्टंट बाळांच्या श्वासनळींत घालून दाखविलें. आज तें औषध आपल्याकडील नवजात शिशु कक्षांतूनही दिलें जातें. यंत्रेंही पूर्वींपेक्षां पुष्कळ सौम्य झालीं आहेत. तरी विकार गेला नाहीं. त्याचें रूप तेवढें बदललें: आतां व्रण कमी, पण फुप्फुसाची वाढच मध्यें थांबलेली. पिशव्या थोड्या आणि मोठ्या, आणि त्यांच्याबरोबर वाढावयाच्या रक्तवाहिन्याही थोड्या. सर्व रक्त त्या थोड्या वाहिन्यांतून जाणार. त्यांत मधून मधून प्राणवायु कमी पडला कीं आहेत त्याही आंवळणार. दाब चढेल नाहीं तर काय होईल?

ज्या रोगाविषयीं मी बोलत आहें तो ह्या अर्थानें आपल्या यशांतून जन्मलेला आहे. पूर्वीं अशीं बाळें पहिल्या दोन-तीन दिवसांतच जात. हा दाब चढण्याइतकें त्यांचें आयुष्यच नसे.

दाब चढण्याच्या वेळा दोन आहेत. पहिली, जन्मानंतर लगेचची: गर्भाशयांत चढलेला दाब उतरावयास हवा तो उतरतच नाहीं. आईचें पाणी फार दिवस आधीं गेलेलें असलें, जंतुसंसर्ग झाला, बाळ पोटांतच खंगलेलें असलें, तर असें होतें. तेव्हां बाळ रुग्णालयांतच असतें व डॉक्टरांची नजर त्यावर असते. दुसरी वेळ अधिक फसवी. ती येते कित्येक आठवड्यांनीं, आणि मुख्यतः त्या जुनाट विकाराच्या बाळांस. असा विकार जडलेल्या दर पांच बाळांत सुमारें एकाच्या फुप्फुसांत दाब चढलेला आढळतो. विकार तीव्र असेल तर दहांत जवळजवळ चौघांच्या. हें प्रकरण किती गंभीर आहे याची कल्पना बोस्टन येथील एका अभ्यासावरून येईल. २००७ सालीं प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासांत अशीं ४२ बाळें होतीं. त्यांतील १६ दगावलीं. जीं जगलीं त्यांपैकीं बहुतेकांचा दाब मात्र पुढें उतरला, कारण फुप्फुस हें जन्मानंतरही कांहीं वर्षें वाढत राहणारें इंद्रिय आहे. नव्या पिशव्या होतात, नव्या वाहिन्या फुटतात. मधला काळ निभावून नेणें, हाच काय तो प्रश्न.

आमच्या घरचा तो मधला काळ मीं जवळजवळ दवडला होता.

नात ७४ दिवस रुग्णालयांत होती. घरीं आली ती नाकांतील बारीक नळी व प्राणवायूचें यंत्र घेऊन. रुग्णालयानें दिलेला कागद इंग्रजींत होता. ‘बाळाला घेऊन अमुक तारखेस या’ एवढें तोंडीं सांगितलें, पण कशासाठीं, तें कोणी समजावून दिलें नाहीं. आणि मीं विचारलेंही नाहीं. कागदावर तारखेच्या आधीं ‘इको’ असा आंखूड शब्द होता. मला तो वाचतां आला, परंतु त्याचें महत्त्व कळलें नाहीं. ती तारीख नेमकी रामनवमीच्या उत्सवांत आली. त्या दिवसांत शिर्डीच्या रस्त्यांवर पाय ठेवावयास जागा नसते हें आपण जाणतांच. मुलगा म्हणाला, ‘भाऊ, गर्दी ओसरूं द्या, मग जाऊं.’ मीं मान डोलावली. पोर अंगानें धरत होती, मग घाई कशाची?

अंगानें धरत होती, हें देखील पुरतें खरें नव्हतें. मी तिचें वजन रोज आलेखाच्या कागदावर मांडीत असें; जन्मभराची खोड. पहिले तीन आठवडे रेघ सरळ वर गेली, नंतरचे बारा दिवस ती आडवी पडली होती. दूध पितांना तिच्या कपाळावर घाम येई, मध्येंच थांबून ती धापा टाकी. चैत्राचा उन्हाळा आहे, असें मीं मनाशीं म्हटलें. शाळेंत एखाद्या मुलाचे गुण असे थांबले असते तर मीं त्याच्या बापास बोलावून घेतलें असतें.

घरीं आल्यावर सवा महिन्यानें बारसें केलें. ओवाळावयास निरांजन पुढें आलें तेव्हां माझी एक भाची म्हणाली, ‘मामा, प्राणवायूपाशीं ज्योत नको, भडका उडेल.’ ती बरोबर बोलत होती. म्हणून मीं यंत्र बंद केलें आणि नळी काढली. पांच मिनिटांचें काम. पण एक ओवाळून झाली कीं दुसरी येई. मग नांव ठेवणें, पाळणा म्हणणें, मग फोटो. नळी नसलेला चेहरा फोटोंत बरा दिसतो असेंही कोणी म्हणालें, आणि मला तें पटलें. पाऊण तास होऊन गेला. पाळणा म्हणतां म्हणतां सुनेनें तिच्याकडे पाहिलें आणि ती किंचाळली. पोरीचे ओठ जांभळे पडले होते, मान कलली होती.

नळी लावतांच रंग परतूं लागला. त्या रात्रींच तिला मोठ्या शहरांत हलविलें. तेथील डॉक्टरांनीं छातीवर इकोचें यंत्र फिरविलें आणि पडद्यावर बोट ठेवून दाखविलें: दोन कप्प्यांमधील पडदा एका बाजूस ढकलला गेला होता. फुप्फुसांतील दाब शरीराच्या दाबाच्या पाऊणपट झाला होता. ते म्हणाले, ‘गुरुजी, हा आज चढलेला नाहीं. दोन-तीन आठवड्यांपूर्वीं इको झाला असता तर तेव्हांच दिसला असता.’ माझ्या आलेखावरील आडवी रेघही दोन आठवड्यांचीच होती.

इको म्हणजे मनुष्याच्या कानास ऐकूं न येणाऱ्या ध्वनिलहरींनीं हृदयाचें चलतें चित्र घेणें. टोंचावें लागत नाहीं, क्ष-किरण लागत नाहींत, बाळ झोपलेलें असलें तरी चालतें. जुनाट विकार जडलेल्या प्रत्येक बाळाचा इको ३६ आठवडे भरण्याच्या सुमारास करावा, आणि नंतरही श्वास वा वजन यांत कांहीं बिनसलें तर पुनः करावा, अशी तज्ज्ञांची शिफारस आहे. पहिला चांगला आला म्हणजे दुसऱ्याची गरज संपली असें नव्हे. आमचा पहिला चांगलाच होता.

उपचारांत सर्वांत मोठें औषध प्राणवायु हेंच, कारण बुजलेलीं दारें तोच उघडतो. तो मोजून द्यावा लागतो. बोटावर किंवा पावलावर लावावयाच्या मापकाचा आंकडा ९२ ते ९५ च्या दरम्यान राहावा अशी बहुधा सूचना असते. आपल्या बाळासाठीं डॉक्टर सांगतील तो खरा. कमी पडला तर दाब चढतो. आणि फारच अपुऱ्या बाळास पहिल्या आठवड्यांत नको इतका दिला तर डोळ्यांच्या पडद्यावर विकृत वाहिन्या वाढून अंधत्व येऊं शकतें. १९४० नंतरच्या दहा-पंधरा वर्षांत पाश्चात्य देशांतील हजारों बाळें अशीं आंधळीं झालीं. अपुऱ्या बाळाचे डोळे जन्मापासून महिन्याच्या आंत तपासून घ्यावयास हवेत, तें याचसाठीं.

दुसरा उपाय नायट्रिक ऑक्साईड वायूचा. मोटारींच्या धुरांत असणारा हा वायु आपल्या रक्तवाहिन्याही अल्प प्रमाणांत तयार करतात व त्यानेंच सैल पडतात, ह्या शोधाबद्दल १९९८ सालीं तिघां अमेरिकन शास्त्रज्ञांस नोबेल पारितोषिक मिळालें. श्वासांतून अगदीं थोडा दिला तर तो फुप्फुसांतील वाहिन्या तेवढ्या सैल करतो. पूर्ण दिवसांच्या बाळांत त्याचा गुण सिद्ध झाला आहे. अपुऱ्या बाळांस मात्र तो सरसकट देऊं नये, निवडक बाळांसच द्यावा, असें ठरलें आहे. तो महाग आहे आणि मोठ्या रुग्णालयांतूनच मिळतो. त्यामुळें आपल्या देशांत सिल्डेनाफिल ह्या औषधावर पुष्कळ भिस्त आहे. हें औषध इंग्लंडमध्यें हृदयशूळावर शोधीत होते. १९९८ मध्यें तें भलत्याच कारणासाठीं बाजारांत आलें व त्या कारणानें त्याचें नांव चारचौघांत घेण्याची लोकांस लाज वाटते. आमच्या गांवच्या औषधवाल्यानें मजकडे पाहून ओठ दाबले होते. तान्ह्या नातीच्या चिठ्ठीवर तें पाहून कोणी बिचकूं नये. आणि तें औषध, किंवा दुसरें कोणतेंही, मनानें एकाएकीं थांबवूं नये. दाब उसळून वर येतो.

माझ्या नातीस तिथें नऊ दिवस ठेवलें. प्राणवायु वाढविला, औषध सुरू झालें. नळी चौदाव्या महिन्यांत सुटली, औषध विसाव्या महिन्यांत.

घरांतील व्यवस्थेविषयीं आतां थोडें बोलतों, कारण डॉक्टरांचें घर आपल्या घरासारखें नसतें व कित्येक गोष्टी त्यांच्या लक्षांत येत नाहींत. आपल्याकडे न्हाऊं घातल्यावर बाळास ओवा-वावडिंगाची धुरी देतात. अशा बाळास ती देऊं नये; धूर हा त्या फुप्फुसांचा वैरी आहे, मग तो धुरीचा असो, चुलीचा असो, उदबत्तीचा असो कीं बिडीचा. त्यांतून प्राणवायूजवळ निखारा म्हणजे साक्षात् आगीला आमंत्रण. निरांजन दुसऱ्या खोलींत ओवाळावें आणि अक्षता तेवढ्या बाळावर टाकाव्या. देव रागावत नाहीं. बघावयास येणाऱ्यांनीं हात धुवावे, आणि सर्दीपडसें असेल त्यानें उंबरठ्याबाहेरूनच आशीर्वाद द्यावा. ह्या बाळांची साधी सर्दी साधी राहत नाहीं.

विजेचा प्रश्न निराळा. घरगुती यंत्रास ३०० ते ३५० वॅट वीज लागते, आणि उन्हाळ्यांत आमच्याकडे ती केव्हां जाईल याचा नेम नसतो. म्हणून जवळ एक भरलेला सिलिंडर हवाच. मध्यम आकाराच्या सिलिंडरांत सुमारें १५०० लिटर प्राणवायु मावतो. बाळास मिनिटाला अर्धा लिटर लागत असेल तर तो ३००० मिनिटें, म्हणजे ५० तास पुरेल; पाव लिटर लागत असेल तर १०० तास. हा हिशेब भिंतीवर लिहून ठेवावा. रात्रीं दोन वाजतां दिवे गेल्यावर भागाकार सुचत नाहीं.

आणि श्वास मोजावयास शिकावें. दोन महिन्यांच्या आंतील बाळाचे श्वास शांत असतांना मिनिटाला ६० किंवा अधिक, त्यापुढें वर्षाच्या आंत ५० किंवा अधिक भरले, तर तें चिंतेचें. पूर्ण एक मिनिट, घड्याळ लावून मोजावे. हें आपल्या गांवची आशाताई शिकवूं शकते. गडचिरोलीच्या डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनीं ३९ खेड्यांतून गांवच्याच बायकांना नवजात बाळाची घरीं जाऊन काळजी घेण्यास शिकविलें. तिसऱ्या वर्षीं तेथील नवजातांचे मृत्यु ६२ टक्क्यांनीं घटले. १९९९ सालीं हें जगापुढें आलें, आणि २०११ पासून देशभरच्या आशाताई त्याच धर्तीवर घरीं येऊं लागल्या. जन्म रुग्णालयांत झाला असेल तर बेचाळीस दिवसांत सहा खेपा. ती आली कीं चहा देऊन वाटेस लावूं नका. बाळाचें दूध, घाम, रंग, वजन तिला सांगा.

आईच्या दुधाविषयीं दोन शब्द. अपुऱ्या बाळाच्या आंतड्यांस आणि त्या मार्गें फुप्फुसांसही त्याच्यासारखें दुसरें अन्न नाहीं. मुंबईस शीवच्या महानगरपालिका रुग्णालयांत डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनीं १९८९ सालीं मातृदुग्धपेढी उघडली, ती आशियांतील पहिली. स्वतःच्या आईला दूध नसेल तर तिथें दुसऱ्या मातेचें तपासून, निर्जंतुक करून ठेवलेलें दूध मिळतें. आतां अशा पेढ्या इतरत्रही आहेत; चौकशी करावी, लाजूं नये.

जन्माआधींचाही एक उपाय आहे. चोवीस ते चौतीस आठवड्यांच्या दरम्यान अकालीं कळा सुरू झाल्या, तर आईला डेक्सामेथासोनचीं बारा बारा तासांच्या अंतरानें चार इंजेक्शनें देतात. बाळाचीं फुप्फुसें त्यानें लवकर पक्व होतात. हा शोध न्यूझीलंडमधील लिगिन्स व हॉवी यांचा, १९७२ सालचा. औषध कांहीं रुपयांचेंच. २०१४ सालीं भारत सरकारनें असें ठरविलें कीं, मोठ्या रुग्णालयांत पाठविण्यापूर्वीं पहिलें इंजेक्शन उपकेंद्रांतील नर्सबाईंनींही द्यावें. तेव्हां वेळेआधीं पोटांत दुखूं लागलें, पाणी गेलें, तर ‘रात्र काढूं, सकाळीं पाहूं’ असें म्हणूं नये. आमच्या तालुक्यांत लोणीचें प्रवरा रुग्णालय आहे, आणि १०८ क्रमांकाची गाडी रात्रींही येते. उसाच्या फडावर राबणाऱ्या बायकांच्या मुकादमांनींही हें ऐकून ठेवावें. त्यांच्या टोळ्यांतील बाई आठ-आठ तास मोळ्या वाहते आणि कळा आल्या तर कोपीवरच पडून राहते.

शेवटीं वयाच्या हिशेबाचें. अपुऱ्या बाळाचें वय दोन प्रकारें मोजावें. बसणें, रांगणें, चालणें, बोलणें यांची अपेक्षा मूळच्या अपेक्षित तारखेपासून धरावी. बारा आठवडे आधीं जन्मलेलें मूल बारा आठवडे उशिरा बसलें तर तें मागें नाहीं. लसी मात्र खऱ्या जन्मतारखेप्रमाणेंच द्यावयाच्या. आमच्या घरीं दोन्ही तारखा दिनदर्शिकेवर आहेत, आणि पोर दोन्ही दिवशीं वाढदिवस मागते. तिचा पुढचा इको येत्या मार्गशीर्षांत आहे. ती तारीख, आणि ती कशासाठीं आहे तें, ह्या खेपेस डॉक्टरांकडून मराठींत लिहून घेतलें आहे.